काचेतले बुडबुडे

पूर्वी गाडीच्या एसीतला गॅस डोळ्यांना दिसायचा. बॉनेट उघडलं की रेडिएटरच्या बाजूला एक उभा, काळा डबा असे. त्याला सगळे ड्रायर म्हणत. त्याच्या डोक्यावर शर्टाच्या बटणाएवढी जाड काच बसवलेली असायची. एसी पूर्ण चालू ठेवून, इंजिन जरा रेस करून त्या काचेत वाकून बघायचं. पांढरे बुडबुडे सरसर धावताना दिसले तर गॅस कमी. काच नितळ आणि आत हवा गार, तर सगळं ठीक. काच नितळ पण आतली हवा कोमट, तर गॅस पार गेलेला. आणि काचेवर तेलाच्या रेघा ओघळताना दिसल्या, तर आत नुसतं तेल फिरतंय, कॉम्प्रेसर ताबडतोब बंद करा.

आताच्या गाड्यांत ही काच शोधूनही सापडत नाही. ड्रायर कंडेन्सरच्या कडेलाच जोडून टाकलेला असतो, आणि नव्या गॅसबरोबर नवं तेल आल्यापासून त्या काचेची साक्षही भरवशाची राहिली नाही, कारण गॅस पुरेसा असतानाही आत फेस दिसू शकतो. म्हणून आज गॅस बघत नाहीत, तोलतात. बॉनेटच्या आत एक लहानसं स्टिकर असतं, त्यावर कोणता गॅस आणि किती ग्रॅम हे छापलेलं असतं. बघण्यापासून तोलण्यापर्यंतचा हा प्रवास माझ्या डोळ्यांसमोर झाला. त्यात काय हरवलं आणि काय मिळालं, याचा हिशोब बऱ्याच दिवसांपासून मनात आहे.

ती काच मी पहिल्यांदा पाहिली आमच्या प्रीमियर पद्मिनीत. ऐंशीचं दशक संपत आलं होतं. एसीवाली मारुती ८०० रस्त्यावर दिसू लागली होती, पण घरच्या गाडीत एसी असणं ही अजून चैनच होती. बाबांचं काम फिरतीचं, आणि तेही सोलापूर-विजापूरच्या रस्त्यावर. वैशाखात इंदापूर सोडलं की खिडकीतून वारा नव्हे, झळाच यायच्या. एका उन्हाळ्यानंतर त्यांनी हौसेनं नव्हे, गरजेपोटी बाहेरून एसी बसवून घेतला.

त्या काळच्या अशा एसीची पेटी डॅशबोर्डच्या खाली, बरोबर मध्ये लटकवलेली असायची. पद्मिनीचा गिअर स्टिअरिंगला आणि पुढची सीट अखंड, त्यामुळे पुढं तिघं बसत. मध्ये बसणाऱ्याचे गुडघे त्या पेटीला टेकत. पेटीतलं पाणी बाहेर सोडणारा पाइप तुंबला की मधल्याच्या पावलांवर थेंब थेंब गार पाणी पडायचं. ती जागा नेहमी माझी, आणि मला ती फार आवडायची. गाडीचं इंजिन १०८९ सीसीचं आणि कॉम्प्रेसर दोन पिस्टनचा, चांगला वजनदार. एसीची खिट्टी दाबली की बॉनेटखाली ‘टक्’ असा क्लच लागल्याचा आवाज व्हायचा आणि इंजिनाचा सूर लगेच खाली यायचा. रात्री हेडलाइटचा उजेडही क्षणभर मंद व्हायचा. एसी फुकट मिळत नाही, त्याची किंमत इंजिन मोजतं, हे ती गाडी दर वेळी ऐकवायची. आजच्या गाडीत हा हिशोब कॉम्प्युटर आतल्या आत मिटवून टाकतो, आपल्याला कळतही नाही.

मुंबईहून परतताना तर ठरलेलंच. एक्स्प्रेस वे अजून व्हायचा होता. पनवेलपासून खोपोलीपर्यंत एसी, खोपोलीला बंद. मग काचा खाली आणि बोरघाट. शिंगरोबाच्या देवळाशी बाबा गाडी हळू करून नाणं टाकायचे. ज्या धनगरानं घाटाची वाट दाखवली असं सांगतात, त्याचं ते देऊळ. चढ संपेपर्यंत बाबांची नजर टेंपरेचरच्या काट्यावर. खंडाळा आलं की हवाच अशी असायची की एसीची आठवणसुद्धा व्हायची नाही.

होळी झाली की गाडी एसीच्या मिस्त्रींकडे जायची. नाना पेठेत स्पेअर पार्टच्या दुकानांमागं एका बोळात त्यांचं काम चाले. ते मूळचे फ्रिज दुरुस्त करणारे, हळूहळू गाड्यांकडे वळलेले. आम्ही मुलं त्यांना मिस्त्रीकाका म्हणायचो. आता वाटतं, मला कुठलीही यंत्रं समजू लागली असतील तर ती त्या बोळात उभं राहून.

मिस्त्रीकाका आल्याआल्या गेज लावत नसत. आधी एसी चालू करायला सांगायचे आणि पाइपांना हात लावायचे. पेटीकडून कॉम्प्रेसरकडे येणारा जाड पाइप गार आणि घामेजलेला हवा. बारीक पाइप कोमट हवा. ड्रायरमध्ये शिरणारा आणि ड्रायरमधून निघणारा, हे दोन्ही पाइप सारखेच कोमट हवेत. निघणारा पाइप गार लागला तर ड्रायर आतून तुंबलाय. मग कॉम्प्रेसरजवळ कान. क्लच लागतो आणि लगेच सुटतो, पुन्हा लागतो पुन्हा सुटतो, असं घाईघाईनं होत असेल तर गॅस कमी असण्याची शक्यता मोठी. यानंतर ते काचेत बघायचे. आणि मग जोडांवर बॅटरीचा उजेड टाकून तेलाचे डाग शोधायचे. एसीतला गॅस एकटा फिरत नाही, कॉम्प्रेसरचं तेल बरोबर घेऊन फिरतो. त्यामुळे जिथून गॅस गळतो तिथं तेलही झिरपतं आणि त्यावर धूळ बसते. तेलकट धूळ दिसली की मिस्त्रीकाका बोटानं पुसायचे आणि बाबांना ते बोट दाखवायचे.

“साहेब, गॅस संपत नसतो. गळतो.”

हे वाक्य मी त्यांच्या तोंडून इतक्यांदा ऐकलंय, की पुढं स्वतःच्या गाड्या सांभाळताना दुसरं काही शिकायची गरज फारशी पडली नाही. पेट्रोल जळतं, तेल खराब होतं, ब्रेकचे लायनर झिजतात. एसीतला गॅस यातलं काहीच करत नाही. तो बंद नळ्यांमध्ये गोल फिरत राहतो. पेटीतल्या कूलिंग कॉइलमध्ये द्रवाची वाफ होताना आतली उष्णता उचलतो, पुढं कंडेन्सरमध्ये वाफेचा द्रव होताना ती बाहेर टाकतो. पंधरा वर्षं हेच काम केलं तरी त्याचा कण खर्च होत नाही. कमी झाला असेल तर बाहेर गेला असेल, आणि बाहेर गेला असेल तर कुठून तरी गेला असेल.

तरीही पद्मिनीला जवळजवळ दर उन्हाळ्यात थोडा गॅस लागायचा, आणि मिस्त्रीकाका त्याचं कारण स्पष्ट सांगायचे. कॉम्प्रेसरचा दांडा बेल्टवर फिरतो, म्हणजे तो बाहेर आलेला असणार. तो जिथून बाहेर येतो तिथल्या सीलमधून थोडा गॅस निसटणारच. रबरी होजच्या भिंतीतूनसुद्धा तो कणाकणानं झिरपतो. हिवाळ्यात महिनोन् महिने एसी बंद ठेवला तर सीलपर्यंत तेल पोहोचत नाही, ते कोरडं पडतं आणि जास्तच गळतं. म्हणून ते बजावायचे, की थंडीतही आठवड्यातून दहा मिनिटं एसी चालवत जा. हा सल्ला आजही तितकाच खरा आहे, आणि आज तो फारसं कुणी देत नाही.

लीक शोधायला साबणाचा फेस आणि दाढीचा ब्रश. त्यानं सापडलं नाही तर एक छोटा दिवा बाहेर यायचा. त्याच्या ज्योतीत तांब्याची चकती लाल तापलेली आणि ज्योतीला हवा पुरवणारी एक रबरी नळी. त्या नळीचं तोंड एकेका जोडाजवळून फिरवायचं. गॅस गळत असेल तिथं नळी येताच निळी ज्योत हिरवी व्हायची. मोठा लीक असला तर जांभळट. दुकानाचं शटर अर्धं ओढून, अंधार करून हे चालायचं. मुलांना मात्र ते दाराबाहेर उभं करत. “तो धूर नाकात जाऊ देऊ नका,” एवढंच म्हणत. पुढं कॉलेजात कळलं की तो गॅस ज्योतीत जळला की त्यातून थोडा फॉस्जीन तयार होतो, पहिल्या महायुद्धात माणसं मारायला वापरलेला विषारी वायू. मिस्त्रीकाकांना ते नाव ठाऊक नव्हतं. घशात काय होतं ते मात्र ठाऊक होतं.

लीक मिटवला की व्हॅक्यूम. त्यासाठी त्यांच्याकडे जुन्या फ्रिजच्या कॉम्प्रेसरचा बनवलेला पंप होता. अर्धा-पाऊण तास तो घरघरत राहायचा. आतली हवा काढायची हे तर झालंच, पण खरं काम आतला ओलावा काढण्याचं. दाब पुरेसा उतरला की पाणी पुण्याच्या साध्या उन्हाळी तापमानातच उकळतं आणि वाफ होऊन पंपातून निघून जातं. तो ओलावा राहिला तर एक्स्पान्शन व्हॉल्व्हच्या बारीक भोकात त्याचा बर्फ होतो. मग गाडी वीस मिनिटं छान गार होते, एकदम कोमट होते, एसी बंद ठेवला की बर्फ वितळतो आणि पुन्हा गार. ‘थोडा वेळ चालतो, मग बसतो’ अशी तक्रार आली की मिस्त्रीकाका गेज न लावताच म्हणायचे, आत पाणी आहे.

व्हॅक्यूमबद्दलची एक गोष्ट मला त्या वेळी फार गूढ वाटायची. मुंबईत शिकून आलेला एक पोरगा त्यांच्या हाताखाली होता. गेजचा काटा २९ इंचांच्या पुढं जायलाच हवा, असा त्याचा हट्ट. पुण्यात तो २८च्या आसपास थांबायचा आणि पोरगा पंपाला दोष द्यायचा. मिस्त्रीकाका शांतपणे सांगायचे, आपण घाटावर आहोत, इथं हवाच विरळ आहे. पुणं समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरच्या वर आहे. इथल्या हवेचा दाबच पाऱ्याच्या २८ इंचांच्या जवळपास, मग पंप त्याहून जास्त काढणार कुठून? पुस्तक न वाचलेल्या माणसानं दिलेलं हे उत्तर अगदी शास्त्रशुद्ध होतं.

मग गॅस. पांढरं सिलिंडर, आत आर-१२. दुकानात सगळे त्याला फ्रिऑन किंवा मॅफ्रॉन म्हणत; मॅफ्रॉन हे मफतलालांच्या कंपनीच्या गॅसचं नाव. निळ्या गेजच्या बाजूनं, म्हणजे लो साइडनं, सिलिंडर उभं ठेवून नुसती वाफ आत सोडायची. द्रव आत गेला तर कॉम्प्रेसर तो दाबू शकत नाही, आतल्या पट्ट्या तुटतात. इंजिन चालू असताना लाल बाजूचा व्हॉल्व्ह उघडायचा नाही, नाहीतर तिकडचा सगळा दाब सिलिंडरमध्ये शिरेल. गॅस सरकता सरकता सिलिंडर स्वतःच गार पडायचं, बाहेरून दहिवर धरायचं आणि वेग मंदावायचा. मग ते कोमट पाण्याच्या बादलीत ठेवायचं. कडकडीत गरम पाणी कधी नाही. एकीकडे काच. बुडबुडे आधी दाट, मग विरळ, मग एखादाच, मग काच साफ. त्यानंतर अगदी थोडा आणखी. निळा काटा ३० पीएसआयच्या आसपास, लाल २००च्या आत-बाहेर. दुपारी ऊन चढलं की लाल काटाही चढणार, हे गृहीत. तो फारच चढला तर मिस्त्रीकाका कंडेन्सरवर तांब्याभर पाणी मारायचे. काटा झपकन खाली आला आणि आत हवा गार झाली, तर दोष गॅसचा नाही. कंडेन्सरमध्ये माती बसलीय नाहीतर पंखा कमी फिरतोय. कितीतरी गाड्या त्यांनी गॅस न भरता, नुसता कंडेन्सर धुवून परत पाठवल्या.

आता या सगळ्यातली मला बोचणारी गोष्ट. लीक मिटवण्याआधी आत उरलेला गॅस काढावा लागायचा, आणि तो काढायचा म्हणजे नट ढिला करून बोळात सोडून द्यायचा. फुस्स करून पांढरं धुकं निघायचं, पितळेच्या जोडावर बर्फ जमायचा. आम्ही मुलं त्या बर्फाला बोट लावायला धावायचो. साऱ्या देशात, साऱ्या जगात हेच चाललेलं होतं. गॅस बिनवासाचा, न पेटणारा, अंगाला निरुपद्रवी. १९३० मध्ये थॉमस मिजली या अमेरिकी रसायनतज्ज्ञानं भर सभेत हा गॅस छातीत भरून घेतला आणि त्या श्वासानं मेणबत्ती विझवून दाखवली, विषारीही नाही आणि जळणाराही नाही हे एका फुंकरीत सिद्ध केलं. ते प्रात्यक्षिक खरं होतं. पण आर-१२चं खरं काम बोळात संपत नव्हतं. तो शंभरेक वर्षं हवेत टिकतो. हळूहळू वर चढतो, तिथल्या अतिनील किरणांनी त्यातला क्लोरीन सुटा होतो आणि ओझोन फोडत राहतो. मारिओ मोलिना आणि शेरवूड रोलँड यांनी हे १९७४ मध्येच मांडलं होतं. १९८५ मध्ये ब्रिटिश शास्त्रज्ञांनी अंटार्क्टिकावरच्या ओझोनची घट जगापुढं आणली, १९८७ मध्ये असे गॅस थांबवण्यासाठी माँट्रियल करार झाला. म्हणजे मी जोडावरच्या बर्फाला बोट लावत होतो तेव्हा करारावर सह्या झालेल्या होत्या. नाना पेठेतल्या त्या बोळात त्याची खबर पोहोचली नव्हती, इतकंच. भारत १९९२ मध्ये करारात सामील झाला. १९९५ मध्ये मोलिना, रोलँड आणि पॉल क्रुट्झेन यांना नोबेल मिळालं. २००८ मध्ये भारतानं सीएफसीचं, म्हणजे आर-१२च्या जातीच्या गॅसांचं, उत्पादन थांबवलं, ठरलेल्या मुदतीच्या सव्वा वर्षाहून जास्त आधी. या गोष्टीचा आपल्याला अभिमान वाटायला हवा, आणि शाळेच्या पुस्तकात तिला याहून मोठी जागा हवी, असं मला मनापासून वाटतं.

ओझोन बाजूला ठेवला तरी हिशोब भयंकर आहे. तापमानवाढीच्या मापानं एक किलो आर-१२ म्हणजे सुमारे १०,९०० किलो कार्बन डायऑक्साइड. एक लिटर पेट्रोल जळलं की २.३ किलोच्या आसपास कार्बन डायऑक्साइड निघतो. पद्मिनीसारख्या गाडीत पाऊण ते एक किलो गॅस मावायचा. तो किलो हवेत सोडणं म्हणजे साडेचार हजार लिटरांहून जास्त पेट्रोल जाळण्यासारखं झालं. बाबांची सोलापूरची कित्येक वर्षांची फिरती त्या एका फुस्सपुढं किरकोळ ठरते.

नव्वदच्या दशकाच्या मध्यापासून नव्या गाड्यांत आर-१३४ए येऊ लागला. सिलिंडर पांढऱ्याचं आकाशी झालं. जुनं खनिज तेल या गॅसमध्ये विरघळत नाही, म्हणून तेल बदललं. ओ-रिंगचं रबर बदललं. त्याचा रेणू लहान, तो जुन्या होजमधून जास्त झिरपतो, म्हणून आतून नायलॉनचं अस्तर असलेले होज आले. चुकून जुना गॅस नव्यात जाऊ नये म्हणून गेजच्या जोडण्याच वेगळ्या केल्या. जुन्या चुड्यांच्या जागी खटक्यानं बसणारे कपलर आले, लो आणि हायचे वेगवेगळ्या मापांचे, म्हणजे उलटसुलट लावायची सोयच उरली नाही. आणि मिस्त्रीकाकांचा तो दिवा निकामी झाला, कारण नव्या गॅसमध्ये क्लोरीनच नव्हता. ज्योत निळी ती निळीच राहायची.

जुन्या गाड्यांचे मालक तेव्हा कासावीस झाले. आर-१२ महाग होत गेला, मग मिळेनासा झाला. पद्मिनीतही शेवटी नवा गॅस घालायची वेळ आली. मिस्त्रीकाकांनी ते काम नीट केलं. जुनं तेल निथळून काढलं, जुन्या तेलाशी थोडंफार जमवून घेणारं एस्टर तेल घातलं, सगळ्या ओ-रिंग आणि ड्रायर बदलला, आणि गॅस जुन्या मापाच्या ८०-८५ टक्केच भरला. काच साफ होईपर्यंत भरायचा मोह त्यांनी कटाक्षानं टाळला. नव्या गॅसला तसं केलं तर जास्त होतो आणि लाल काटा भडकतो. गाडी पूर्वीएवढी गार झाली नाही. जुने कंडेन्सर आर-१२च्या हिशोबानं बनलेले होते. बाबांनी तक्रार केली नाही. कंडेन्सरपुढं एक जादा पंखा बसवून घेतला.

आजच्या गॅरेजात काय होतं? चाकांवरचं एक मशीन येतं, कपलर लागतात, बटण दाबलं जातं. मशीन आतला गॅस ओढून स्वतःच्या टाकीत घेतं, गाळतं, तोलतं. मग व्हॅक्यूम करतं, व्हॅक्यूम टिकतो का ते बघतं आणि स्टिकरवरच्या आकड्याएवढा गॅस ग्रॅमवर तोलून आत सोडतं. छोट्या गाड्यांत हल्ली हा आकडा चारशे-साडेचारशे ग्रॅमच्या आसपास असतो. बोळात काही सुटत नाही. हे मशीन मला मनापासून आवडतं. मिस्त्रीकाकांच्या हाताला जे कसब होतं त्याला तोड नव्हती, पण चारशे ग्रॅमच्या गाडीत पन्नास ग्रॅमची चूकही जाणवते, आणि तिथं हातापेक्षा काटा बरा. बंद गाडीला नुसतं गेज लावून हे कळत नाही. घरातल्या एलपीजीच्या सिलिंडरसारखंच असतं ते: आत थोडा द्रव शिल्लक असेपर्यंत दाब तेवढाच. ३० अंशांच्या सकाळी इंजिन बंद ठेवून आर-१३४एवर गेज लावलं तर काटा ९५च्या जवळपास दिसेल, गॅस पूर्ण असो की निम्मा. किती आहे ते शेवटी तोलूनच कळतं.

पण मशीन आलं आणि मिस्त्रीकाकांचं ते वाक्य हरवलं. मार्च उजाडला की रस्तोरस्ती बोर्ड लागतात: एसी गॅस टॉप-अप, अर्ध्या तासात. गाडी गेली की कुणी पाइपाला हात लावत नाही, तेलकट धूळ शोधत नाही, कंडेन्सरवर तांब्याभर पाणी मारत नाही. “दर वर्षी भरावाच लागतो,” असं ग्राहकाला सांगतात आणि ग्राहकही ते मानतो. पद्मिनीच्या काळी हे पुष्कळसं खरं होतं, कारण ते सील आणि ते होज तसेच होते. आज होजना अस्तर आहे, सील सुधारली आहेत. धडधाकट एसीला वर्षानुवर्षं गॅस लागू नये. ज्या काळात तो दर वर्षी लागायचा त्या काळातला मिस्त्री दर वर्षी लीक शोधायचा, आणि ज्या काळात तो लागायला नको त्या काळात न शोधता भरतात. मला याचं खरोखर वाईट वाटतं. आर-१३४ए ओझोनला हात लावत नाही, पण त्याचा एक किलो तापमानवाढीत १,४३० किलो कार्बन डायऑक्साइडच्या बरोबरीचा. लीक तसाच ठेवून भरलेले साडेचारशे ग्रॅम वर्षभरात हवेत जातात, ते पेट्रोलच्या भाषेत २८० लिटर होतात.

त्याहून वाईट प्रकारही आहेत. स्वस्तात म्हणून एलपीजीच्या जातीचे पेटणारे गॅस गाडीत घालतात. कूलिंग कॉइल माणसांच्या पायाशी असते, तिथं गळलेला असा गॅस काय करू शकतो हे सांगायला नको. बनावट आर-१३४एमध्ये मिथाइल क्लोराइडची भेसळ जगात सापडलेली आहे. ते ॲल्युमिनियमशी मिळून असं संयुग बनवतं की जे हवेचा स्पर्श होताच पेटतं, आणि गाडीचा कंडेन्सर व कॉइल तर ॲल्युमिनियमचेच. सीलबंद सिलिंडर, ओळखीचं नाव आणि पक्कं बिल, एवढं तरी मागून घ्यावं.

आर-१३४एचेही दिवस मोजलेले आहेत. युरोपात २०१७ पासून नव्या गाड्यांत तो चालत नाही. तिथं आर-१२३४वायएफ आला, तापमानवाढीत कार्बन डायऑक्साइडएवढाच किंवा कमीच, पण किमतीनं कितीतरी पट आणि थोडासा पेटणारा. माँट्रियल करारात आर-१३४एसारख्या गॅसांनाही आणणारी किगाली दुरुस्ती भारतानं २०२१ मध्ये मंजूर केली. २०३२ पासून टप्प्याटप्प्यानं कपात सुरू होईल आणि २०४७ पर्यंत ती ८५ टक्क्यांवर जाईल. म्हणजे आर-१२च्या मालकांवर आली ती वेळ आजच्या गाडीवाल्यांवरही कधीतरी येणार. ज्यांच्या गाड्या गळत नसतील त्यांना ती जाणवणारही नाही.

माझी सध्याची गाडी पंधरा वर्षांची आहे. यंदा हवा जरा कोमट वाटू लागली तेव्हा मी एका लहान गॅरेजात गेलो, जिथला तरुण मेकॅनिक मशीनवरची छापील पट्टी ग्राहकाला देतो. मी आधीच सांगितलं, भरू नका, आधी काढून तोला. ४५० ग्रॅमच्या जागी ३०० निघाले. म्हणजे दीडशे ग्रॅम कुठून तरी गेले. पूर्वी कधीतरी हिरवा यूव्ही रंग आत घातलेला होता. त्यानं पिवळा चष्मा चढवला, निळी बॅटरी घेतली आणि जोड एकेक करून बघत गेला. कंडेन्सर कोरडा, कॉम्प्रेसरचं सील कोरडं, होज कोरडे. लो साइडच्या चार्जिंग व्हॉल्व्हचं टोपण कधीच हरवलेलं होतं, आणि आतल्या पिनभोवती हिरवट कडं चमकत होतं. “काका, पिन लीक आहे, कॉइलबिइल काही नाही,” तो म्हणाला. पिन बदलली, ओ-रिंगसह नवीन टोपण घातलं, अर्धा तास व्हॅक्यूम केला. गेजचा काटा २८ वर थांबला, आणि पंप बंद केल्यावरही जागचा हलला नाही. मग त्यानं ४५० ग्रॅम तोलून भरले, आणि मी न सांगता बॉनेटखाली वाकून जाड पाइपाला हात लावून बघितला.